डॉक्टर व्हायला गेला, सेंटर झाला!

सात मे १९९४. अमेरिकेतील सिएटल शहरातल्या बास्केटबॉल कोर्टवर सव्वासात फूट उंचीचा एक खेळाडू उताणा पडला आहे. दोन्ही हातांनी चेंडू डोक्यावर घट्ट धरलेला आणि चेहऱ्यावर लहान मुलासारखे हसू. डिकेंबे मुटोंबोचे हे दृश्य एनबीएच्या इतिहासात कायमचे कोरले गेले. त्या हंगामात सिएटल सुपरसॉनिक्सने ८२ पैकी ६३ सामने जिंकून आपल्या विभागात पहिले स्थान मिळवले होते. डेन्व्हर नगेट्स ४२ विजयांसह कसाबसा आठव्या क्रमांकावर होता. पाच सामन्यांच्या मालिकेत डेन्व्हर पहिले दोन सामने हरला, तेव्हा पुढे काय होणार याविषयी कोणालाच शंका उरली नव्हती. मात्र त्यानंतरचे तिन्ही सामने डेन्व्हरने जिंकले. शेवटचा सामना तर जादा वेळेत गेला. आठव्या मानांकित संघाने पहिल्या मानांकिताला बाद करण्याची एनबीएमधील ती पहिलीच वेळ होती.

या मालिकेत मुटोंबोने किती गुण केले, हे आज फारसे कोणी सांगत नाही. सांगितला जातो तो ३१ हा आकडा. पाच सामन्यांत त्याने प्रतिस्पर्ध्यांचे ३१ फटके हवेतच अडवले होते. क्रिकेटच्या भाषेत बोलायचे, तर एकही शतक न ठोकता केवळ क्षेत्ररक्षणाच्या बळावर मालिकावीर ठरण्यासारखी ही गोष्ट आहे. मुटोंबोची सारी कारकीर्दच अशी दुसऱ्याला रोखण्यावर उभी राहिली. म्हणूनच ती समजून घेण्यासाठी गुणफलकापलीकडे पाहावे लागते.

मुटोंबोचा जन्म २५ जून १९६६ रोजी किन्शासा येथे झाला. त्याचे पूर्ण नाव डिकेंबे मुटोंबो मपोलोंडो मुकांबा जाँ-जॅक वामुटोंबो. मैदानावरच्या निवेदकांनी ते 'मुटोंबो' एवढ्यावरच आणले, हे बरेच झाले म्हणायचे! वडील शिक्षण क्षेत्रात होते, घरात दहा भावंडे होती. लहानपणी तो फुटबॉलमध्ये गोलरक्षण करीत असे. बास्केटबॉलकडे तो वळला तो किशोरवयात, तेही उंची पाहून घरच्यांनी आग्रह धरला म्हणून. त्याचे स्वतःचे स्वप्न डॉक्टर होण्याचे होते. १९८७ मध्ये अमेरिकी सरकारच्या विकास साहाय्य संस्थेची शिष्यवृत्ती मिळवून तो वॉशिंग्टनच्या जॉर्जटाउन विद्यापीठात दाखल झाला, तो वैद्यकीय शिक्षण घेऊन मायदेशी परतण्याच्या इराद्याने. तेव्हा त्याला फ्रेंच येत होते, पोर्तुगीज येत होते, मध्य आफ्रिकेतील अनेक भाषा येत होत्या. येत नव्हती ती नेमकी इंग्रजी.

येथे अमेरिकेची क्रीडाव्यवस्था थोडी समजून घ्यायला हवी. आपल्याकडे खेळाडू घडतो तो क्लब, जिल्हा संघ आणि राज्य संघ अशा पायऱ्यांनी. अमेरिकेत ही जबाबदारी विद्यापीठांनी उचललेली आहे. विद्यापीठांचे सामने हजारो प्रेक्षक पाहतात, दूरचित्रवाणीवर दाखवले जातात आणि तेथूनच व्यावसायिक संघ दरवर्षी 'ड्राफ्ट' नावाच्या पद्धतीने आळीपाळीने खेळाडू निवडतात. जॉर्जटाउनचे प्रशिक्षक जॉन थॉम्पसन हे स्वतः एनबीएमध्ये सेंटर म्हणून खेळलेले. जमैकात जन्मलेल्या पॅट्रिक युइंगला त्यांनीच घडवले होते. अशा माणसाच्या विद्यापीठात सव्वासात फुटांचा विद्यार्थी यावा आणि त्याने केवळ प्रयोगशाळेत बसावे, हे शक्यच नव्हते. पहिले वर्ष इंग्रजीशी झगडण्यात गेले. दुसऱ्या वर्षी मुटोंबो संघात आला. १९८९ मध्ये सेंट जॉन्स विद्यापीठाविरुद्ध एकाच सामन्यात त्याने १२ फटके अडवले. वैद्यकीय शिक्षण मागे पडले आणि अखेर तो पदवीधर झाला तो भाषाशास्त्र आणि राजनय या विषयांत. १९९१ च्या ड्राफ्टमध्ये डेन्व्हरने चौथ्या क्रमांकावर त्याची निवड केली. त्या वेळी तो पंचविशीत पोहोचला होता.

मुटोंबोच्या खेळाचा गाभा असलेला 'ब्लॉक' हा प्रकार दिसतो तितका सोपा नाही. बास्केटच्या दिशेने निघालेला चेंडू वर चढत असतानाच त्याला हात लावता येतो. एकदा तो खाली उतरू लागला की त्याला स्पर्श करणे नियमबाह्य ठरते आणि फटका मारणाऱ्या संघाला गुण बहाल केले जातात. म्हणजे अडवणाऱ्याकडे जेमतेम निमिषभराचा अवधी असतो. त्यातच प्रतिस्पर्ध्याच्या शरीराला धक्का लागला तर फाउल, आणि सहा फाउल झाले की खेळाडू सामन्याबाहेर. उंच माणसे पुष्कळ असतात. परंतु केव्हा उडी मारायची आणि, त्याहून महत्त्वाचे, केव्हा मारायची नाही, हे उमगलेली थोडीच असतात. शिवाय असा पहारेकरी बास्केटखाली उभा असला, की समोरचे खेळाडू आत शिरण्याचेच टाळतात, लांबून फटके मारू लागतात आणि चुकतात. या न मारलेल्या फटक्यांची नोंद कोणत्याही तक्त्यात होत नाही. माझ्या मते मुटोंबोचे खरे मोल तेथेच होते.

ज्यांची नोंद होते, ते आकडेही थोडेथोडके नाहीत. १८ हंगाम, १,१९६ सामने आणि ३,२८९ ब्लॉक. सर्वोत्तम बचावपटूचा किताब त्याने १९९५, १९९७, १९९८ आणि २००१ असा चार वेळा पटकावला. ब्लॉकच्या यादीत त्याच्या पुढे एकच नाव आहे, ३,८३० ब्लॉक करणाऱ्या हकीम ओलाजुवानचे. तोही लागोसहून ह्युस्टनला शिकायला आलेला आणि तोही एकेकाळचा गोलरक्षक! अर्थात एनबीएने ब्लॉक मोजायला सुरुवात केली ती १९७३-७४ च्या हंगामापासून. त्यामुळे बिल रसेल आणि विल्ट चेंबरलेन यांच्यासारखे जुने दिग्गज या तुलनेत येत नाहीत, हेही ध्यानात ठेवले पाहिजे.

फटका अडवल्यावर उजव्या हाताची तर्जनी डावी-उजवीकडे हलवून 'नाही, नाही' अशी खूण करण्याची मुटोंबोची सवय जगभर गाजली. शाळेतल्या मास्तरांनी खोडकर मुलाला दटावावे, तसा तो आविर्भाव असे. प्रतिस्पर्ध्यांना तो झोंबला आणि पुढे एनबीएने प्रतिस्पर्ध्याला उद्देशून केलेल्या अशा खुणेवर दंड लावला. मुटोंबोने त्यातूनही वाट काढली. तो प्रेक्षकांकडे पाहून बोट हलवू लागला.

१९९६ मध्ये तो अटलांटा हॉक्सकडे गेला, तो पाच वर्षांसाठी साडेपाच कोटी डॉलरच्या आसपासच्या करारावर. त्याच वर्षी अटलांटात ऑलिंपिक भरले होते. झाईर (त्या वेळचे काँगोचे नाव) या देशाचा महिला बास्केटबॉल संघ तेथे आला, तेव्हा त्यांच्या गणवेशाचा आणि खर्चाचा भार मुटोंबोने उचलला. परदेशी गेलेल्या मुलाने गावाकडे पैसे पाठवावेत, तशीच ही गोष्ट.

पुढच्याच वर्षी, १९९७ मध्ये, त्याची आई बियांबा मारी हिला पक्षाघाताचा झटका आला. देशात यादवी पेटलेली. किन्शासातले रस्ते बंद होते आणि तिला रुग्णालयापर्यंत नेणे शक्य झाले नाही. तिचे निधन झाले. डॉक्टर होण्यासाठी ज्याला अमेरिकेला धाडले होते, तो मुलगा तेव्हा अटलांटात कोट्यवधी डॉलर कमावत होता. त्या घरात या विरोधाभासाची बोच किती खोल गेली असेल, याची कल्पनाच केलेली बरी.

मुटोंबोने त्याच वर्षी आपल्या नावाचे प्रतिष्ठान सुरू करून किन्शासात ३०० खाटांचे रुग्णालय उभारण्याचा संकल्प सोडला. संकल्प सोडणे सोपे होते. पायाभरणी २००१ मध्ये झाली. प्रत्यक्ष बांधकामाला मात्र २००४ उजाडले. देणगीदार पुढे येईनात. जागा रिकामी पडून असल्याने सरकार ती परत घेण्याच्या बेतात होते. निर्वासितांनी त्या जमिनीवर शेती सुरू केली होती. त्यांना पैसे देऊन जागा मोकळी करून घ्यावी लागली. या माणसाला निवडणूक तर लढवायची नाही ना, अशी कुजबुजही होती. एकूण खर्च २ कोटी ९० लाख डॉलर. त्यात मुटोंबोचा स्वतःचा वाटा दीड कोटी डॉलरहून अधिक होता. खेळाडूंच्या नावाने चालणारी प्रतिष्ठाने पुष्कळ असतात आणि त्यातली बरीचशी छायाचित्रांपुरती असतात. येथे मात्र निम्म्याहून अधिक रक्कम खेळाडूने खिशातून काढून दिली होती.

या काळात मैदानावरचा त्याचा प्रवास एका संघातून दुसऱ्या संघात असा चालू होता. २००१ मध्ये तो फिलाडेल्फियात ॲलन आयव्हर्सनच्या साथीने अंतिम फेरीत पोहोचला. पहिला सामना लॉस एंजलिसमध्ये जादा वेळेत जिंकूनही लेकर्सच्या शकील ओनीलपुढे पुढचे चारही सामने गमवावे लागले. २००३ मध्ये न्यू जर्सीकडून पुन्हा अंतिम फेरी, पुन्हा पराभव. विजेतेपद त्याला अखेरपर्यंत मिळाले नाही. मग न्यूयॉर्क आणि शेवटी ह्युस्टन. तेथे तो चीनच्या याओ मिंगचा राखीव सेंटर होता. २००८ मध्ये ह्युस्टनने सलग २२ सामने जिंकले. मध्येच याओ जायबंदी झाला, तेव्हा बास्केटखालची जागा सांभाळली ती ४१ वर्षांच्या मुटोंबोने.

२००६ मध्ये त्याने अमेरिकेचे नागरिकत्व घेतले. जानेवारी २००७ मध्ये अध्यक्ष जॉर्ज बुश यांनी संसदेपुढील वार्षिक भाषणात त्याचा गौरव केला, तेव्हा तो प्रेक्षक सज्जात उपस्थित होता. बोट हलवण्यासाठी दंड भरणाऱ्या माणसासाठी अवघे सभागृह उठून उभे राहिले.

एप्रिल २००९ मध्ये पोर्टलंडविरुद्धच्या सामन्यात त्याच्या डाव्या गुडघ्याचा स्नायुबंध तुटला. त्याला उचलून न्यावे लागले. बेचाळिसाव्या वर्षी कारकीर्द तेथेच थांबली. २०१५ मध्ये बास्केटबॉलच्या 'हॉल ऑफ फेम'मध्ये त्याचा समावेश झाला. अटलांटा आणि डेन्व्हर या दोन्ही संघांनी त्याचा ५५ क्रमांक कायमचा निवृत्त केला. २०२२ मध्ये मेंदूत गाठ असल्याचे निदान झाले आणि ३० सप्टेंबर २०२४ रोजी, वयाच्या ५८ व्या वर्षी त्याचे निधन झाले.

किन्शासातल्या रुग्णालयाचे औपचारिक उद्घाटन सप्टेंबर २००६ मध्ये झाले, तर पुढच्या वर्षी ते रुग्णांसाठी खुले झाले. त्या भागात जवळपास ४० वर्षांत उभे राहिलेले ते पहिलेच आधुनिक रुग्णालय होते. दारावर मुटोंबोच्या आईचे नाव आहे.