गाईची तारीख भिंतीवर, मुलीची कुठे?



बियाणे, खते, कीड यांवर मी तुमच्याशी पुष्कळ बोललो आहे. आज घरातल्या एका विषयावर लिहितो. पुरुषाने यावर बोलू नये असा रिवाज आहे. पण त्या रिवाजापायी आमच्याच घरात दोन वर्षे वाया गेली.

माझ्या थोरल्या भावाच्या गोठ्यात भिंतीवर खडूने तारखा लिहिलेल्या असतात. कोणती गाय कधी माजावर आली, कधी भरवली. २१ दिवसांचा हिशेब चुकला की पशुवैद्याला बोलावणे जाते. त्याच घरात १९ वर्षांच्या पुतणीची पाळी तीन-तीन, चार-चार महिने येत नव्हती. हनुवटीवर राठ केस येत होते. त्याची नोंद मात्र कुठेच नव्हती. वहिनी म्हणायच्या, "भाऊजी, लग्न झालं की आपोआप सुरळीत होतंय." कुणीतरी दिलेल्या पुड्याही खाऊन झाल्या. एके दिवशी पोरीने कॉलेज सोडते म्हटले, तेव्हा आमचे डोळे उघडले.

आजार कोणता?

याला पीसीओएस म्हणतात, बोलण्यात पीसीओडी. १९३५ साली अमेरिकेतील स्टाइन व लेव्हेंथल या डॉक्टरांनी त्याचे वर्णन केले. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०२३ सालच्या अंदाजाप्रमाणे मूल होण्याच्या वयातील १०० पैकी ८ ते १३ स्त्रियांना तो होता.

दर महिन्याला बीजकोशात एक बीज पिकून बाहेर पडते. या आजारात बीजे अर्धवट वाढून थांबतात. सोनोग्राफीत त्या बारीक पुटकुळ्यांसारख्या दिसतात. त्या गाठी नव्हेत, कापून काढायच्या नसतात. पुष्कळ जणींत इन्शुलिनचा शरीरावर नीट परिणाम होत नाही, म्हणून शरीर ते जास्त तयार करते. त्यामुळे पुरुषी संप्रेरके वाढतात. चेहऱ्यावर केस, मुरुमे येतात. वजन वाढलेल्यांना त्रास अधिक, पण सडपातळ मुलींनाही तो होतो.

निदान कसे होते?

उसाचे पान पिवळे पडले की आपण लगेच युरिया टाकत नाही. नत्र कमी आहे, लोह कमी आहे, की पाणी साचले आहे, हे आधी पाहतो. डॉक्टरीणबाईंनीही तसेच केले. पहिली तपासणी गर्भधारणेची. वहिनींचा चेहरा उतरला. बाई म्हणाल्या, "हा संशय नव्हे. पाळी चुकली की सगळ्यांचीच करतो." मग थायरॉइड, प्रोलॅक्टिन, पुरुषी संप्रेरके आणि साखर यांसाठी रक्त घेतले.

पाळी अनियमित, पुरुषी संप्रेरके जास्त, आणि सोनोग्राफीत तशा पुटकुळ्या, या तीनांपैकी दोन गोष्टी असल्या व दुसरे कारण नसले, तर प्रौढ स्त्रीत निदान पक्के होते. पाळी सुरू होऊन ८ वर्षे झाली नसतील तर पहिल्या दोन्ही गोष्टी लागतात. सोनोग्राफीवर निदान करत नाहीत. पुतणीत त्या दोन्ही होत्या. "मशीन न लावताच कसं कळलं?" ही वहिनींची शंका अशी फिटली.

उपचार

एका गोळीने हा आजार कायमचा जात नाही. पण ताब्यात राहतो. वजन जास्त असेल तर ५ ते १० टक्के कमी झाल्यानेही फरक पडतो. ७० किलोच्या बाईला साडेतीन ते सात किलो. भाकरी, डाळ, उसळ, पालेभाजी ठेवावी. साखरेचा चहा, फरसाण, बिस्किटे कमी करावीत. रोज अर्धा तास झपाझप चालावे. उपाशी राहू नये.

पाळी नियमित करण्यासाठी ज्या गोळ्या देतात, त्या बहुधा गर्भनिरोधकाच्याच असतात. नाव वाचून घरच्यांनी दचकू नये. त्यांनी पुढे मूल होणे बंद होत नाही. मात्र रक्तदाब, तंबाखूची सवय, अर्धशिशी हे डॉक्टरांना सांगावे. शेजारणीची चिठ्ठी दाखवून गोळ्या आणू नयेत. केस कमी व्हायला सहा महिने तरी लागतात. काहींना मेटफॉर्मिन देतात. मूल हवे असेल तेव्हा बीज पिकवण्यासाठी लेट्रोझोल ही गोळी देतात. या आजाराच्या बहुतेक स्त्रियांना मूल होते. वांझपणाचा शिक्का मारणे हे अज्ञान आहे.

दुर्लक्ष का करू नये?

तीन महिन्यांहून अधिक पाळी न आल्यास गर्भाशयाचे अस्तर जाड होत जाते. वर्षानुवर्षे असेच चालले तर पुढे कर्करोगाचा धोका वाढतो. मधुमेहाचाही धोका असतो, म्हणून साखर अधूनमधून तपासावी. मुलगी उदास राहत असेल तर तेही डॉक्टरांना सांगावे.

पुतणी आता औषधे घेते, कॉलेजला जाते. वहिनींच्या स्वयंपाकघरातल्या दिनदर्शिकेवर दर महिन्याला पेन्सिलीचा एक बारीक ठिपका असतो. तेवढीच नोंद तुमच्याही घरी ठेवा. दोन पाळ्यांतील अंतर वारंवार ३५ दिवसांपलीकडे जाऊ लागले, तर आशाताईंना विचारा आणि ग्रामीण रुग्णालय गाठा. गोठ्यातल्या भिंतीइतकी जागा लेकीलाही घरात असू द्या.