दिवाळीचा सुरण आणि त्याचे खाजरे कुल

वाराणसी आणि पूर्व उत्तर प्रदेशातील अनेक घरांत दिवाळीच्या दिवशी सुरण खाण्याची प्रथा आहे. जिमीकंद किंवा ओल या नावांनी तेथे ओळखला जाणारा हा कंद सणापूर्वी बाजारात मोठ्या प्रमाणावर येतो आणि त्याची भाजी, भरीत किंवा चटणी केली जाते. कंद खणून काढल्यावर जमिनीत राहिलेल्या तुकड्यांतून पुढील वर्षी तो पुन्हा उगवतो. त्यामुळे सुरण हे न संपणाऱ्या समृद्धीचे प्रतीक मानले जाते.

या प्रथेचा वनस्पतीच्या जीवनक्रमाशीही मेळ आहे. उन्हाळ्यात लावलेल्या कंदातून पावसाळ्यात छत्रीसारखे पान वर येते. ज्याला खोड समजले जाते, तो प्रत्यक्षात त्या पानाचा जाड देठ असतो. पानाने तयार केलेले अन्न कंदात साठत जाते. शरद ऋतूच्या अखेरीस पान पिवळे पडून सुकते आणि कंद काढणीस येतो. हाच दिवाळीचा काळ होय.

सुरण ज्या कुलात मोडतो, त्याला शास्त्रीय भाषेत ॲरेसी किंवा सुरण कुल म्हणतात. या एकदल वनस्पतींच्या कुलात सुमारे १४० वंश आणि साडेतीन हजारांहून अधिक जाती असून, त्यांपैकी बहुसंख्य उष्ण कटिबंधात आढळतात. अळू, शेवळे, घरोघरी वाढणारा मनी प्लांट आणि शोभेचे अँथुरियम हे सर्व याच कुलाचे सदस्य आहेत. वेखंडाचा समावेश पूर्वी याच कुलात होत असे. आता त्याचे स्वतंत्र कुल मानले जाते. उलट, तळ्यांवर तरंगणाऱ्या, एक मिलिमीटरहूनही लहान अशा वुल्फिया वनस्पतीला जनुकीय अभ्यासानंतर या कुलात स्थान मिळाले. याच कुलातील सुमात्रा बेटावरच्या एका सुरणाचा फुलोरा मात्र तीन मीटरपर्यंत उंच होतो.

या कुलाची मुख्य खूण म्हणजे त्याचा फुलोरा. मध्यभागी मांसल दांडा आणि त्याभोवती एकच मोठे आवरण, अशी त्याची रचना असते. आपण ज्याला फूल म्हणतो, ते हे आवरण होय. खरी फुले अतिशय लहान असून दांड्यावर दाटीने बसलेली असतात. सुरणात खालच्या बाजूस स्त्रीपुष्पे, तर त्यांच्या वर पुंपुष्पे असतात. स्त्रीपुष्पे आधी पक्व होत असल्याने स्वपरागण टळते. सुरणाच्या फुलोऱ्याला कुजलेल्या मांसासारखा दर्प येतो आणि त्याने आकर्षित झालेले कीटक परागण घडवून आणतात. काही जातींत फुलोऱ्याचे तापमान वाढते व त्यामुळे हा वास दूरवर पसरतो.

दुसरी खूण म्हणजे खाज. या कुलातील बहुतेक वनस्पतींच्या पेशींत कॅल्शियम ऑक्झलेटचे सुईसारखे स्फटिक जुडग्यांनी साठलेले असतात. पान किंवा कंद चावताच ते जिभेत व घशात रुततात. त्यांच्याबरोबर शिरणारी काही प्रथिने दाह वाढवितात, असे संशोधकांचे मत आहे. चरणाऱ्या प्राण्यांपासून आणि किडींपासून वनस्पतीचे संरक्षण करणारी ही व्यवस्था आहे.

माणसाने मात्र तिच्यावर उपाय शोधून काढला. वाराणसीत सुरण उकडून त्यात लिंबू किंवा आमचूर घालतात. महाराष्ट्रात अळूच्या भाजीत चिंच पडते. ठाणे, पालघर आणि रायगड जिल्ह्यांत पावसाळ्याच्या प्रारंभी मिळणाऱ्या शेवळांबरोबर काकडाची आंबट फळे शिजवतात. भरपूर शिजविणे आणि आंबट घालणे, हे सूत्र सर्वत्र समान आहे. आयुर्वेदाने तर मूळव्याधीवरील उपयोगामुळे सुरणाला ‘अर्शोघ्न’ असे नाव दिले.

अलीकडच्या काळात कमी खाजणाऱ्या वाणांमुळे सुरणाची शेती वाढली आहे. आंध्र प्रदेशातून पुढे आलेला ‘गजेंद्र’ हा वाण देशभर लावला जातो. तिरुवनंतपुरम येथे १९६३ साली स्थापन झालेल्या केंद्रीय कंद पिके संशोधन संस्थेनेही सुधारित वाण दिले आहेत.

रानातील जातींची स्थिती मात्र वेगळी आहे. शेवळे ही सह्याद्री परिसरातील वनस्पती असून तिचा कोवळा फुलोराच भाजीसाठी खुडला जातो. फुलोरा गेला की त्या वर्षीचे बीही जाते. त्यामुळे काही फुलोरे जागेवर राखणे आणि जमिनीतील कंदाला धक्का न लावणे आवश्यक ठरते. आदिवासी महिलांना पावसाळ्याच्या तोंडावर मिळणारे उत्पन्नही त्यावरच अवलंबून आहे.

ग्राहकांनीही काही काळजी घेणे इष्ट आहे. अनोळखी रानकंद जाणकाराच्या सल्ल्याशिवाय खाऊ नये. मूतखड्याचा विकार असलेल्यांनी सुरण व अळू वैद्यकीय सल्ल्यानेच घ्यावे. शोभेसाठी लावली जाणारी डिफेनबॅकियाची झाडे लहान मुलांपासून दूर ठेवावीत; त्यांचे पान चावल्यास जीभ सुजून बोलणे व गिळणे कठीण होते. सुरणाच्या या नातलगाला स्वयंपाकघरात स्थान नाही.