मॅथ्यू बार्नी : पौरुषाची देहपरीक्षा

प्रतिकाराशी झुंजल्यावाचून स्नायू वाढत नाही, हे अमेरिकन फुटबॉलच्या मैदानावर शाळकरी वयात उमगलेले तत्त्व चित्रकलेस लावून, कलावंत मॅथ्यू बार्नी यांनी १९८७ पासून ‘ड्रॉइंग रिस्ट्रेंट’ या मालिकेत स्वतःचा देह जखडून घेत रेखाटने केली. आणि पुढे १९९४ ते २००२ या कालखंडातील आपल्या पाच चित्रपटांना त्यांनी ‘क्रीमॅस्टर’ हे वृषण वरखाली करणाऱ्या स्नायूचेच नाव दिले. मला मात्र सर्वाधिक मोलाची वाटते ती २०२३ मधील, एकाच वेळी पाच चित्रप्रवाहांत चालणारी ‘सेकंडरी’ ही व्हिडिओकृती : १९७८ साली अमेरिकन फुटबॉलच्या सामन्यात जॅक टॅटम या खेळाडूच्या धडकेने प्रतिस्पर्धी खेळाडू डॅरिल स्टिंगली कायमचे जायबंदी झाले, तो प्रसंग प्रौढ नर्तकांच्या हालचालींतून तीत पुन्हा घडतो, आणि केन स्टेबलर या खेळाडूच्या भूमिकेत खुद्द बार्नीच उतरतात.