प्राजक्ता : एका नांवाचा विचार



गेल्या श्रावणांत एका स्नेह्यांच्या घरीं बारशाला जाण्याचा योग आला. पाळणा फुलांनीं सजविला होता, घुगऱ्यांचीं ताटें मांडून ठेवलीं होतीं, आणि बाळाच्या आत्यानें पुढें होऊन त्या तान्हुलीच्या कानांत तिचें नांव सांगितलें. मग तें सर्वांना मोठ्यानें ऐकविण्यांत आलें : प्राजक्ता. जमलेल्या मंडळींनीं नांवाचें कौतुक केलें. पण कोपऱ्यांतील खुर्चीवर बसलेल्या एक वृद्ध बाई मात्र कांहीं बोलल्या नाहींत. त्या बाळाच्या आजोबांच्या थोरल्या भगिनी. वय नव्वदीच्या आसपास. घरांतील लहानथोर त्यांना अक्का म्हणतात. थोड्या वेळानें मी जवळ जाऊन बसलों, तेव्हां त्या हलक्या आवाजांत म्हणाल्या, "मास्तर, तुम्ही जन्मभर भाषा शिकविलीत, म्हणून तुम्हांला विचारतें. रात्रीं उमलायचें आणि उजाडतां उजाडतां गळून पडायचें, अशा फुलाचें नांव लेकीला ठेवावें का हो?"

त्या प्रश्नांत खोंच नव्हती, काळजी होती. म्हणून कांहींतरी गोड बोलून तो टाळणें मला बरें वाटलें नाहीं. "विचार करून सांगतों, अक्का," एवढेंच म्हणून मी उठलों. आज आपल्यापुढें जें बोलणार आहें, तें म्हणजे अक्कांना द्यावयाचें उत्तरच होय.

प्रथम शब्दच पाहूं. प्राजक्त हा शब्द कानाला अगदीं संस्कृत वाटतो. आरंभीं एक जोडाक्षर, शेवटीं एक जोडाक्षर. एखाद्या पंडितानें घडवावा तसा त्याचा घाट आहे. परंतु संस्कृत कोशांत आपल्याला भेटतो तो पारिजात किंवा पारिजातक. पारी म्हणजे समुद्र, त्यापासून जन्मलेला तो पारिजात, अशी त्याची परंपरागत व्युत्पत्ति सांगतात. समुद्रमंथनांतून निघालेल्या रत्नांत त्याची गणना होते, आणि अमरकोशानें स्वर्गांतील पांच वृक्षांत त्याला स्थान दिलें आहे. हा भारदस्त शब्द मराठी माणसाच्या जिभेवर आला आणि बोलतां बोलतां झिजत झिजत त्याचा प्राजक्त झाला. म्हणजे वरून संस्कृत दिसणारा हा शब्द खरें पाहतां आपल्या अंगणांत वाढलेला आहे. फुलें वेंचणाऱ्या बायकामुलांनींच तो घडविला, असें म्हणावयास हरकत नाहीं.

आतां दुसरी गोष्ट. मराठींत प्राजक्त हा पुल्लिंगी आहे. आपण 'तो प्राजक्त फुलला' असें म्हणतों. जाई, जुई, शेवंती हीं फुलांचीं नांवें मुळांतच स्त्रीलिंगी असल्यामुळें तीं मुलींना जशींच्या तशीं देतां आलीं. प्राजक्ताच्या बाबतींत तशी सोय नव्हती. म्हणून शेवटीं एक 'आ' जोडून प्राजक्ता हें रूप सिद्ध करण्यांत आलें. याचा एक मौजेचा परिणाम असा कीं, प्राजक्ता नांवाचें झाड कोठेंच नाहीं. तें रूप केवळ मुलीसाठीं घडलेलें आहे. झाडाकडून घेतलेलें असलें तरी तें तिचें एकटीचें आहे.

कोणी म्हणेल, हें नवें आहे, शास्त्राला सोडून आहे. तर शास्त्र काय म्हणतें तेंही पाहूं. पारस्करगृह्यसूत्रांत मुलीच्या नांवाविषयीं असा नियम आहे कीं, त्यांत अक्षरांची संख्या विषम असावी आणि तें आकारान्त असावें. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायाची अपेक्षा अशी कीं, स्त्रीचें नांव उच्चारण्यास सोपें, क्रूर अर्थ नसलेलें, स्पष्ट, मनोहर, मंगल आणि दीर्घ स्वरान्त असावें. प्रा, ज, क्ता अशीं तीन अक्षरें, आणि शेवटीं आकार. नियमाच्या कसोटीला आमची नवी प्राजक्ता पुरेपूर उतरते. परंतु त्याच स्मृतीच्या तिसऱ्या अध्यायांत वधूची निवड सांगतांना दुसरा एक दंडक आला आहे : नक्षत्र, वृक्ष, नदी, पर्वत, पक्षी, सर्प यांचें नांव असलेली मुलगी वरूं नये! हा दंडक आपल्या समाजानें पाळला असता, तर रोहिणी, रेवती, तुळसा, गंगा, यमुना, कृष्णा, नर्मदा, चंद्रभागा, भागीरथी या सगळ्या जन्मभर माहेरींच राहिल्या असत्या. लोकांनीं तें वचन पोथींत ठेवलें आणि आपल्या लेकींना नद्यांचीं नांवें दिलीं. सृष्टीवरून मुलींचीं नांवें ठेवणें ही कांहीं आजची हौस नाहीं. स्मृतिकारांना ज्याचा निषेध करावासा वाटला, इतकी ती जुनी आहे.

मग नवें काय आहे? नवा आहे तो हेतु. पूर्वीं मुलीला गोदावरी म्हणत, त्यांत पुण्यसंचयाची दृष्टि मोठी होती. अजामिळानें पुत्राला हांक मारली आणि नारायणाचें नांव मुखांतून गेलें म्हणून तो तरला, ही भागवतांतील कथा आपणांस ठाऊक आहे. दिवसांतून दहा वेळां लेकीला हांक मारावी आणि तेवढ्याच वेळां तीर्थाचें स्मरण घडावें, असा त्यांत व्यवहार होता. आजचे आईबाप प्राजक्ता म्हणतात तेव्हां आपल्या पदरीं पुण्य पडावें म्हणून नव्हे, तर त्या मुलीकडे पाहून त्यांना जें सुंदर आठवलें तें ते बोलून दाखवितात. पहिल्या नांवांत देवाचें स्मरण होतें, दुसऱ्यांत त्या मुलीचें स्वागत आहे. एक खरें आणि दुसरें खोटें असें नाहीं. पण हा फरक ध्यानांत घेतल्यावांचून नव्या नांवांची गोडी कळणार नाहीं.

आतां झाडाकडे वळूं. पारिजात या नांवाखालीं निरनिराळे लोक निरनिराळीं झाडें दाखवितात. अमरकोशाच्या वनौषधिवर्गांत पारिजातक हा शब्द पारिभद्राच्या, म्हणजे आपल्या लाल फुलांच्या पांगाऱ्याच्या पर्यायांत आला आहे. उत्तर प्रदेशांत बाराबंकी जिल्ह्यांतील किंतूर येथें ज्या प्रचंड वृक्षाची पारिजात म्हणून पूजा होते, तो वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीनें गोरखचिंच आहे. महाराष्ट्रानें मात्र हें नांव रात्रीं फुलणाऱ्या, पांढऱ्या पाकळ्यांच्या आणि केशरी देठाच्या फुलालाच दिलें. याच फुलाला हिंदींत हरसिंगार म्हणतात. संस्कृतांतील शेफालिका म्हणून जें फूल सामान्यतः ओळखलें जातें तें हेंच, आणि बंगालची शिउली ती हीच. पश्चिम बंगालनें तिला आपलें राज्यपुष्प केलें आहे. शिउली फुलूं लागली म्हणजे शरद् आला, दुर्गापूजा जवळ आली, असें बंगाली माणूस मानतो. तेव्हां शेफाली नांवाची एखादी मैत्रीण आमच्या प्राजक्तेला पुढें भेटली, तर दोघींनीं समजावें कीं आपण एकाच फांदीवरच्या बहिणी आहोंत.

अक्कांच्या शंकेसारखीच शंका पाश्चात्यांनाही आली होती. गार्सिया द ऑर्ता या पोर्तुगीज वैद्याचा हिंदुस्थानांतील औषधींवरील संवादरूप ग्रंथ १५६३ सालीं गोव्यांत छापला गेला. त्यांतील एका संवादाचा विषयच 'दुःखी वृक्ष' हा आहे. तेथें त्यानें एक दंतकथा नोंदविली आहे : एका मोठ्या सरदाराच्या कन्येचें सूर्यावर प्रेम जडलें, सूर्यानें तिला टाकलें, तिनें प्राणत्याग केला, आणि तिच्या रक्षेंतून हें झाड उगवलें, म्हणून त्याचीं फुलें सूर्याचें तोंड पाहत नाहींत. पुढें १७५३ सालीं लिनीअसनें वनस्पतींना शास्त्रीय नांवें दिलीं तेव्हां याला 'निक्टँथस आर्बर-ट्रिस्टिस' असें नांव दिलें. पहिल्या शब्दाचा अर्थ रात्रीचें फूल, आणि उरलेल्या दोहोंचा अर्थ दुःखी वृक्ष. म्हणजे शास्त्राच्या वहींत आजही तें झाड दुःखीच आहे.

आपल्याकडील कथा सवतीमत्सराची आहे. कृष्णानें स्वर्गांतून पारिजात आणला, तो सत्यभामेच्या दारीं लागला, आणि फुलें पडलीं रुक्मिणीच्या अंगणांत, असें आपण ऐकत आलों. गोव्याच्या कथेंत मुलगी टाकली जाते, द्वारकेच्या कथेंत दोघी बायका रुसतात. अशा कथांवरून पाहिलें तर अक्कांची काळजी निराधार नाहीं.

पण झाड कथांवर जगत नाहीं. पहाटे त्याच्याखालीं उभें राहून पाहावें. फूल पडतें म्हणजे नेमकें काय पडतें? पाकळ्या आणि त्यांना खालीं जोडणारी केशरी नळी, एवढें पडतें. पुंकेसर त्या नळीलाच चिकटलेले असल्यामुळें तेही तिच्याबरोबर येतात. परंतु ज्यांत फळ धरावयाचें तो बीजकोश फांदीवरच राहतो. पांढरा रंग आणि दूरवर जाणारा सुगंध हें रात्रीं उडणाऱ्या कीटकांना दिलेलें आमंत्रण होय. रात्र सरली, आमंत्रणाचें काम झालें, कीं तो साज खालीं उतरतो. ज्या फुलाचें फलन झालें, त्याच्या जागीं पुढें चपटें, हृदयाच्या आकाराचें लहान फळ दिसूं लागतें. त्यांत दोन कप्पे असतात आणि प्रत्येकांत एक बी. तेव्हां प्राजक्ताचें गळणें हें आयुष्य संपणें नव्हे. जें ठेवावयाचें तें झाडानें ठेवलेलें असतें, आणि जें वांटून टाकावयाचें तेंच आपल्या ओंजळींत येतें.

तें वांटलेलें तरी कितीसें वांया जातें? जमिनीवर पडलेलें फूल देवाला चालत नाहीं हा सामान्य नियम; पण प्राजक्ताला परंपरेनें त्यांतून सूट दिली आहे. चातुर्मासांत देवाला प्राजक्ताचा लक्ष वाहण्याचा नेम कित्येक घरांतून चाले. लाख फुलें मोजून वाहावयाचीं, आणि त्यासाठीं एकाही फांदीला हात लावावयाचा नाहीं! त्या केशरी देठांपासून वस्त्रें रंगविण्याचा रंग काढीत; केशराला ज्या द्रव्यामुळें रंग येतो, त्याच जातीचें द्रव्य या देठांत असतें. पानें मात्र खरखरीत, हातावर घांसलीं तर कानशीसारखीं लागणारीं. त्यांचा कडू काढा तापावर देण्याची चाल घरगुती वैद्यकांत जुनी आहे. नाजूक फूल आणि खरखरीत पान एकाच झाडावर नांदतात. मुलीला हें नांव देणाऱ्यांनीं केवळ फूल पाहिलें असेल; मी म्हणतों, पानही ध्यानांत ठेवावें.

इतकें सगळें एका नांवासाठीं कशाला, असें कोणी विचारील. त्याला माझें उत्तर असें कीं, नांव ही मुलीला घरानें दिलेली पहिली वस्तु असते, आणि ती नेहमींच प्रेमानें दिलेली नसते. मुलीवर मुली झाल्या म्हणजे नकोशी झालेल्या लेकीला 'नकुसा' म्हणण्याची रीत आपल्याच महाराष्ट्रांत होती. २०११ सालच्या ऑक्टोबरांत सातारा येथें अशा २८५ मुलींना समारंभपूर्वक नवीं नांवें देण्यांत आलीं. शाळेच्या हजेरीपटावर रोज सकाळीं 'नकुसा' अशी हांक ऐकावयाची आणि 'हजर' म्हणून उठावयाचें, याची कल्पना करावी. नांव म्हणजे नुसती खूण नव्हे, हें त्या मुलींना कोणीं समजावून सांगावें लागलें नसेल.

आणि प्रेमानें दिलेलें नांवही टिकतच असे असें नाहीं. लग्नांत ताटांत तांदूळ पसरावे, अंगठीनें त्यावर नवें नांव लिहावें, आणि माहेरचें नांव त्या दिवसापासून मिटावें, ही चाल आपण सर्वांनीं पाहिली आहे. अलीकडे ती पुष्कळ सैल झाली. उलट, १ मे २०२४ पासून जन्मलेल्या मुलांच्या शासकीय कागदपत्रांत बाळाच्या नांवानंतर आईचें नांव लिहिण्याचा नियम महाराष्ट्र शासनानें केला. म्हणजे आज पाळण्यांत ठेवलेलें मुलीचें नांव उद्यां तिच्या लेकराच्या नांवाशेजारीं उभें राहावयाचें आहे. तें विचारपूर्वक ठेवण्याची जबाबदारी पूर्वींपेक्षां आज अधिक आहे.

असो. पंधरा दिवसांनीं मी अक्कांकडे गेलों आणि आतां आपणांस सांगितलें तेंच थोडक्यांत त्यांना सांगितलें. नदीच्या नांवाची मुलगी करूं नये हें स्मृतीचें वचन ऐकून त्या मनापासून हंसल्या. म्हणाल्या, "माझें माहेरचें नांव गोदावरी. सासरीं आल्यावर रमा झालें. वडील गेल्यापासून गोदा म्हणून कोणीं हांक मारली नाहीं." मग बराच वेळ त्या गप्प होत्या. फांदीवर राहणाऱ्या फळाची गोष्ट मात्र त्यांनीं मला पुन्हां एकदां सांगावयास लावली.

निघतांना मी निरोप घ्यावा म्हणून पाळण्याजवळ गेलों. अक्का दोरी ओढीत बसल्या होत्या. त्यांनीं ओठांवर बोट ठेवून मला थांबविलें आणि म्हणाल्या, "हळू बोला मास्तर, आमची प्राजक्ता आतांच निजली आहे."