गवत लपतं तिथं

रोशरवरचं गवत वादळाची चाहूल लागली की बिळात शिरतं. अक्षरशः बिळात. खडकाला बारीक छिद्रं असतात, त्यातून पाती वर आलेली असतात, आणि धोका जाणवला की सुर्रकन आत. आपली लाजाळू नुसती पानं मिटते, हे गवत सगळं अंगच आत ओढून घेतं. वेली गुंडाळून बसतात, झाडं पानं आवरतात, खडकावर वाढणाऱ्या टणक कवचाच्या वनस्पती कालवं मिटावीत तशा घट्ट मिटतात. मग पूर्वेकडून पाणी, धूळ आणि दगडधोंडे यांची एक उभी भिंत चालून येते. माणूस उघड्यावर सापडला तर संपलाच.

या वादळाचं नाव हायस्टॉर्म. आपण महावादळ म्हणू. ब्रँडन सँडरसन या अमेरिकन कादंबरीकाराने ‘द स्टॉर्मलाइट आर्काइव्ह’ या मालिकेत, रोशर नावाच्या काल्पनिक जगावर, ते उभं केलं. पहिली कादंबरी ‘द वे ऑफ किंग्ज’ २०१० साली आली आणि २०२४च्या ‘विंड अँड ट्रुथ’ने पाच जाडजूड पुस्तकांचा पहिला टप्पा पुरा झाला. मी ती उघडली गोष्टीसाठी, पण पुन्हा पुन्हा परतते ती तिथल्या हवेसाठी.

कल्पनेचं बीज आपल्याच सूर्यमालेतलं. गुरू ग्रहावर एक तांबडा डाग आहे. तो डाग म्हणजे पृथ्वीहून रुंद असं एक वादळ, आणि दीडशे वर्षांच्या वर ते कुणी ना कुणी दुर्बिणीतून पाहतच आलं आहे. असं न थांबणारं वादळ माणसांच्या वस्तीवरून फिरत राहिलं तर? रोशरवर ते पूर्वेच्या समुद्रावरून उठतं आणि अख्खा खंड ओलांडून पश्चिमेला जातं. काही दिवस उलटले की पुन्हा येतं. कधी येणार याचं गणित मांडणारी माणसं तिथं असतात, आणि त्यांच्या आकडेमोडीवर गावाचे प्राण टांगलेले असतात.

तिथली जीवसृष्टी सुचली ती समुद्राकाठच्या खडकांतल्या डबक्यांवरून. कोकणात ओहोटीच्या वेळी कातळावर वाकून ज्याने समुद्रफुलाला बोट लावलंय, त्याला रोशर निम्मं कळलं. बोट लागताच ते फूल मिटून मांसाचा गोळा होतं. लाटांचा मार खाणाऱ्या खडकावर जगायचं तर कवच हवं, चिकटून राहणं हवं, मिटणं हवं. रोशरची कोरडी जमीनही तशीच, कारण तिथं भरती आकाशातून येते. म्हणून गाड्या ओढायला खेकड्यासारखी अवाढव्य जनावरं आहेत. एवढ्या मोठ्या कवचधाऱ्यांना आपल्या पृथ्वीवर स्वतःचंच वजन पेलणार नाही. सँडरसनने त्याचीही सोय केली आहे. रोशरचं गुरुत्वाकर्षण पृथ्वीच्या सुमारे ०.७ पट आहे आणि हवेत प्राणवायू जास्त.

माती मात्र जवळजवळ कुठेच नाही, सगळी कधीच धुऊन गेलेली. तिच्या जागी पावसासोबत क्रेम नावाचा गाळ पडतो आणि वाळून त्याचा दगड होतो. छपराच्या कडेला दगडाच्या सुळ्या लोंबू लागतात. त्या वेळेवर फोडल्या नाहीत तर कोसळून कुणाचा तरी जीव घेतात. घरांची पूर्वेची बाजू उतरती आणि बंद, दारं-खिडक्या पश्चिमेला.

इतकं मारणारं हे वादळ जाताना उजेड ठेवून जातं, आणि मला सगळ्यात मोठं नवल याचंच वाटतं. रत्नं उघड्यावर ठेवली तर ती वादळात भरतात आणि मग दिवसेंदिवस उजळत राहतात. काचेच्या गोळीत रत्नाचा कण बसवला की झालं नाणं! तेच नाणं रात्री दिवाही होतं, आणि खोट्या रत्नात उजेड साठत नाही म्हणून खरेपणाची खूणही तेच. पाचूला सगळ्यात जास्त मोल, कारण त्याच्या जोरावर दगडाचं धान्य करता येतं. वर्षातून एकदा सुमारे चार आठवडे नुसती रिपरिप चालते. तेव्हा वादळाची धास्ती कमी होते, पण घराघरातल्या गोळ्या हळूहळू विझत जातात.

मालिकेतल्या कालादिन या तरुणाला शिक्षा म्हणून महावादळात बाहेर उलटं टांगतात. एक सोबती त्याच्या मुठीत एक उजळती गोळी देतो. सकाळी तो जिवंत असतो, जखमांनी भरलेला. जगातली सगळी रत्नं ज्या वादळात भरतात, त्याच वादळात त्याच्या मुठीतली गोळी मात्र विझलेली असते. तिच्यातला उजेड गेला कुठे, हे कळायला त्याला बराच वेळ लागतो.

पुढे दुसरं वादळ जन्मतं, लाल विजांचं, आणि ते पश्चिमेकडून येतं. पिढ्यान्‌पिढ्या निर्धास्त असलेली दारं-खिडक्या आता थेट त्याच्या तोंडी असतात. तो प्रसंग वाचताना माझ्या पोटात खड्डा पडला होता.

पण मनात घर करून राहिलंय ते एक छोटं प्रकरण. पश्चिम टोकाला डोंगरांच्या आडोशाला शिनोवार नावाचा देश आहे, महावादळाचा जोर तिथवर पोहोचत नाही. तिथं माती आहे. तिथले लोक दगड पवित्र मानतात, त्यावर पाय ठेवत नाहीत. रिस्न नावाची व्यापार शिकणारी मुलगी आपल्या गुरूसोबत तिथं येते आणि गवत बघून तिला कसंसंच होतं. माणूस चालत येतो तरी हे हलत नाही, लपत नाही, तुडवून घेतं. तिच्या लेखी ते गवत मठ्ठ. निघताना गुरू तिला त्याच गवताची एक कुंडी देतो. पुढच्या एका प्रवासात ती पुन्हा भेटते तेव्हा ती कुंडी तिच्याजवळ असते.