हातातला खेळ, घराचा पडदा

मोबाइलवरचा खेळ टीव्हीवर खेळायचा, म्हणजे मोबाइलच्या पडद्यावर उमटणारे चित्र आणि त्याचा आवाज तारेने किंवा वायफायने टीव्हीकडे पाठवायचा. खेळ चालतो मोबाइलमध्येच. त्यातली आकडेमोड, चित्रांची जुळणी, इंटरनेटची देवाणघेवाण ही सगळी कामे मोबाइल करतो; टीव्ही आलेले चित्र दाखवतो. त्यामुळे टीव्ही कितीही महागडा असला तरी खेळाचा वेग वाढत नाही, आणि मोबाइलवर अडखळणारा खेळ टीव्हीवरही अडखळतोच.

हिंगोली जिल्ह्यातील औंढा नागनाथ तालुक्यात जवळा बाजार हे बाजारपेठेचे गाव आहे. अशा गावांतल्या बहुतेक घरांत खेळाचे यंत्र म्हणजे मोबाइलच. प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्स घ्यायचे तर हजारो रुपये मोजावे लागतात, शिवाय त्यावरच्या एकेका खेळाची किंमत वेगळी. मोबाइल आणि टीव्ही मात्र घरात आधीपासून असतात. ही दोन यंत्रे कमी खर्चात कशी जोडायची, आणि जोडल्यावर कोणते खेळ खरोखर खेळता येतात, हे ठाऊक असले की पैसे आणि मनस्ताप दोन्ही वाचतात.

टीव्हीकडून मोबाइलकडे, मोबाइलकडून टीव्हीकडे

टीव्हीवर खेळ ही मराठी घरांना नवी गोष्ट नाही. १९९०च्या दशकात जपानच्या निन्टेंडो कंपनीच्या फॅमिकॉम या यंत्राच्या स्वस्त नकला भारतभर विकल्या जात. टीव्हीला वायर जोडायची, यंत्रात कॅसेट खुपसायची आणि दोघांनी दोन रिमोट घेऊन जमिनीवर बसायचे, अशी ती पद्धत होती. पुढे खेळ संगणकावर गेला. सप्टेंबर २०१६मध्ये जिओची सेवा सुरू झाल्यानंतर डेटा स्वस्त झाला आणि खेळ प्रत्येकाच्या हातातल्या मोबाइलवर आला. खेळणाऱ्यांची संख्या वाढली, पण चार माणसे एका पडद्यासमोर बसत ती बैठक मोडली. मोबाइल टीव्हीला जोडल्याने ती पुन्हा भरवता येते, आणि या जोडणीचे खरे मोल त्यातच आहे.

तारेची जोडणी

सर्वांत भरवशाचा मार्ग तारेचा. आजच्या जवळपास प्रत्येक एलईडी टीव्हीला मागे किंवा बाजूला एचडीएमआय पोर्ट असते. चित्र आणि आवाज एकाच तारेतून नेणारी ही पद्धत २००२मध्ये आली. मोबाइलच्या टाइप-सी पोर्टमधून एचडीएमआयकडे नेणारा ॲडॉप्टर घेतला की जोडणी होते. मात्र मोबाइलच्या त्या पोर्टमधून चित्र बाहेर पडण्याची सोय असावी लागते.

ग्राहकाची फसगत होते ती इथेच. सगळी टाइप-सी पोर्टे दिसायला सारखी असली तरी आतून सारखी नसतात. काहींतून फक्त चार्जिंग आणि फाइलींची ने-आण होते. काहींतून चित्रही बाहेर जाते. या दुसऱ्या सोयीला डिस्प्लेपोर्ट आल्ट मोड म्हणतात आणि ती बहुधा वरच्या किमतीच्या मोबाइलांतच असते. सॅमसंगने २०१७मध्ये गॅलेक्सी एस८बरोबर डेक्स ही सुविधा आणली ती याच सोयीच्या आधारे. ॲपलने २०२३च्या आयफोन १५पासून टाइप-सी पोर्ट दिले आणि त्यातूनही चित्र टीव्हीवर नेता येते. स्वस्त मोबाइलांत ही सोय बहुतेक वेळा नसते, म्हणून ॲडॉप्टर घेण्याआधी आपल्या मॉडेलच्या माहितीत ‘डिस्प्लेपोर्ट’ हा शब्द शोधावा, किंवा दुकानातच मोबाइल लावून बघावा.

घरात जुना, मागे फुगीर डबा असलेला टीव्ही असेल तर एचडीएमआयचे रूपांतर पिवळ्या, पांढऱ्या आणि लाल पिनांच्या एव्ही जोडणीत करणारी छोटी डबी मिळते. चित्र येते, पण जुन्या टीव्हीच्या पडद्यावर उभ्या दिशेने जेमतेम पावणेसहाशे रेषा मावत असल्यामुळे खेळातली बारीक अक्षरे वाचता येत नाहीत.

बिनतारी जोडणी

बिनतारी जोडणीचे तीन प्रकार प्रचलित आहेत. पहिला मिराकास्ट. वायफाय अलायन्स या संस्थेने २०१२मध्ये ही पद्धत आणली. यात मोबाइल आणि टीव्ही एकमेकांशी थेट वायफायने बोलतात, घरात राउटर असण्याची गरज नसते. सॅमसंगच्या मोबाइलात ही सोय ‘स्मार्ट व्ह्यू’ या नावाने असते. इतर अनेक कंपन्यांच्या मोबाइलांत ‘कास्ट’, ‘वायरलेस डिस्प्ले’ किंवा ‘स्क्रीन मिररिंग’ अशा नावांनी.

दुसरा प्रकार गुगलचा. २०१३मध्ये गुगलने क्रोमकास्ट हे टीव्हीला लावायचे छोटे उपकरण काढले. आता अँड्रॉइड टीव्ही आणि गुगल टीव्हीत ती सोय आतच बसवलेली असते. यात मोबाइल आणि टीव्ही एकाच वायफायवर असावे लागतात. घरी ब्रॉडबँड नसेल तर दुसऱ्या मोबाइलचा हॉटस्पॉट चालू करून दोन्ही त्याला जोडता येतात. तिसरा प्रकार ॲपलच्या एअरप्लेचा. २०१९पासून काही कंपन्यांच्या टीव्हींतही तो मिळू लागला.

डेटा पॅकची काळजी अनेकांना वाटते. मोबाइलचे चित्र टीव्हीपर्यंत जाते ते घरातल्या घरात, वायफायच्या लहरींवरून. त्यासाठी रिचार्जमधला डेटा खर्च होत नाही. डेटा लागतो तो खेळाला स्वतःला, तो ऑनलाइन असेल तर. मोबाइलच्या बॅटरीवर मात्र ताण येतो, कारण खेळ चालवणे, चित्र आटवणे आणि ते सतत प्रक्षेपित करणे ही तीन कामे त्याला एकाच वेळी करावी लागतात. मोबाइल तापला की त्यातली प्रक्रिया आपोआप मंदावते आणि खेळ अडखळू लागतो.

उशिराचे गणित

बिनतारी जोडणीची खरी अडचण उशिराची आहे. मोबाइलला प्रत्येक चित्र आटवून लहान करावे लागते, ते हवेतून जाते, टीव्ही ते पुन्हा उलगडतो आणि रंग सुधारून दाखवतो. प्रत्येक टप्प्याला थोडा वेळ जातो. सगळे मिळून हा उशीर सेकंदाच्या दहाव्या भागाइतका सहज होतो. वायफायची गर्दी असेल तर त्याहून बराच जास्त.

सिनेमा बघताना हे जाणवत नाही, कारण चित्र आणि आवाज दोन्ही सारखेच मागे असतात. खेळात मात्र माणूस चित्र बघून बोट हलवतो. मोटार शर्यतीच्या खेळात गाडी ताशी १८० किलोमीटर वेगाने धावत असेल तर ती सेकंदाला ५० मीटर जाते. टीव्हीवरचे चित्र सेकंदाचा पाचवा भाग मागे असेल, तर खेळणाऱ्याला वळण दिसेपर्यंत गाडी १० मीटर पुढे गेलेली असते. क्रिकेटच्या खेळात चेंडू टप्प्यावर दिसतो तेव्हा मोबाइलमध्ये तो यष्टीमागे पोचलेला असतो.

हा उशीर पुष्कळसा कमी करता येतो. तार वापरली तर हवेतला प्रवास आणि त्यासाठीची आटवाआटव वाचते. टीव्हीच्या सेटिंगमध्ये ‘गेम मोड’ असेल तर तो चालू करावा. त्यामुळे टीव्ही चित्र सजवण्याची कामे बाजूला ठेवतो आणि ते लवकर दाखवतो. बिनतारीच जोडायचे असेल तर ५ गिगाहर्ट्झचे वायफाय निवडावे आणि मोबाइल टीव्हीच्या जवळ ठेवावा.

चित्राचा आकार

टीव्हीचा पडदा १६:९ या प्रमाणात असतो, तर आजचे मोबाइल साधारण २०:९ इतके लांबट असतात. आडव्या मोबाइलचे चित्र १९२० बाय १०८० ठिपक्यांच्या टीव्हीवर टाकले की ते रुंदीला पुरते, पण उंचीला ८६४ ठिपकेच व्यापते. वर आणि खाली काळ्या पट्ट्या उरतात. यात फारसे बिघडत नाही. उभ्या धरायच्या खेळांत मात्र चित्र उंचीला बसवावे लागते आणि त्याची रुंदी फक्त ४८६ ठिपके, म्हणजे पडद्याच्या पाव भागाइतकी राहते. सबवे सर्फर्स किंवा कँडी क्रश टीव्हीवर लावले की मधे एक उभा पट्टा आणि दोन्ही बाजूंना काळोख दिसतो, त्याचे कारण हे.

आणखी एक हिशेब थोडा अनपेक्षित आहे. साडेसहा इंची मोबाइल आडवा धरला की पडदा सुमारे १५ सेंटिमीटर रुंद असतो. तो डोळ्यांपासून ३० सेंटिमीटरवर धरला तर डोळ्यांसमोर सुमारे २८ अंशांचा कोन व्यापतो. ३२ इंची टीव्ही ७१ सेंटिमीटर रुंद असतो. पण आठ फुटांवरून बघताना तो साडेसोळा अंशच व्यापतो. म्हणजे खेळणाऱ्याच्या डोळ्यांना टीव्ही मोबाइलपेक्षा लहान दिसतो. मोबाइलइतका दिसायला त्याच्यापासून साडेचार-पाच फुटांवर बसावे लागेल. एकट्याने खेळणाऱ्याला टीव्हीचा लाभ कमीच. लाभ आहे तो घरातल्या सगळ्यांना एकदम दिसण्याचा.

बोट कुठे ठेवायचे

मोबाइलचे खेळ बोटाच्या स्पर्शासाठी बनवलेले असतात. चित्र टीव्हीवर गेले तरी बटणे मोबाइलवरच राहतात आणि काचेवर बोटाला उंचवटा लागत नाही, त्यामुळे खेळणाऱ्याची नजर सारखी खाली वळते. ब्लूटूथ कंट्रोलर जोडला की बटणे बोटांना जाणवतात आणि नजर टीव्हीवर टिकते. पण कंट्रोलर चालेल की नाही हे त्या त्या खेळावर अवलंबून असते.

काही खेळ याच अडचणीचा उपयोग करून घेतात. त्यांत टीव्हीवर सामायिक चित्र असते आणि प्रत्येकाचा मोबाइल फक्त त्याचा रिमोट होतो. अमेरिकेतील जॅकबॉक्स आणि स्वित्झर्लंडमधील एअरकन्सोल यांनी या पद्धतीचे खेळ लोकप्रिय केले. प्रश्नमंजूषा आणि शब्दखेळांना ही रीत विशेष मानवते.

कोणते खेळ टीव्हीवर जमतात

आतापर्यंतच्या हिशेबावरून निवड सोपी होते. ज्यात डाव पाळीपाळीने खेळला जातो आणि क्षणाची घाई नसते, ते खेळ बिनतारी जोडणीवरही उत्तम चालतात: लुडो, बुद्धिबळ, सापशिडी, पत्ते, कोडी. कॅरममध्ये नेम मोबाइलवर बघून धरावा लागतो, पण स्ट्रायकर सुटल्यावरची गंमत सगळ्यांना टीव्हीवर दिसते. पुण्याच्या सुपरगेमिंग कंपनीने ऑक्टोबर २०२४मध्ये आणलेला ‘इंडस’ किंवा बीजीएमआय यांसारखे नेमबाजीचे खेळ, मोटार शर्यती आणि क्रिकेट यांना तारच हवी.

लुडोचे उदाहरण महाराष्ट्राच्या जवळचे आहे. भारतातल्या पचिसीवरून इंग्लंडमध्ये एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस लुडो तयार झाला, आणि नवी मुंबईच्या गेमेशन टेक्नॉलॉजीज या कंपनीने २०१६मध्ये ‘लुडो किंग’ या नावाने तो मोबाइलवर आणला. २०२०च्या टाळेबंदीत तो घराघरांत पोचला. त्यात एकाच मोबाइलवर इंटरनेटशिवाय अनेकांनी खेळण्याची सोय आहे. खेळ उभा असल्याने ३२ इंची टीव्हीवर पटाची रुंदी १८ सेंटिमीटरच्या आसपास भरते. मोबाइलवर ती सातही नसते. रंग ठसठशीत असल्याने सतरंजीवर बसलेल्या पाचसहा जणांना सोंगट्या स्पष्ट दिसतात. मोबाइल हातोहात फिरतो, आणि आजीलाही चष्मा न शोधता नातवाची लबाडी पकडता येते.

सावधगिरी

मोबाइलचा पडदा टीव्हीवर गेला की त्यावर येणारे सगळे टीव्हीवर दिसते: बँकेचा संदेश, ओटीपी, खासगी गप्पा. म्हणून खेळ सुरू करण्याआधी ‘डू नॉट डिस्टर्ब’ चालू करावे. स्क्रीन मिररिंगची सोय मोबाइलात आधीपासून असते. त्यासाठी अनोळखी ॲप उतरवू नये. दूर बसलेल्या माणसाला आपला पडदा दाखवणारी ॲपे ही वेगळीच गोष्ट आहे. अशा एका ॲपच्या आडून होणाऱ्या फसवणुकीबद्दल रिझर्व्ह बँकेने फेब्रुवारी २०१९मध्ये इशारा दिला होता. फोनवरून कोणी असे ॲप घ्यायला सांगितले तर फोन ठेवून द्यावा.

पैसे लावून खेळायच्या ऑनलाइन खेळांवर संसदेने ऑगस्ट २०२५मध्ये कायदा करून बंदी घातली. असे खेळ पुरवणाऱ्याला तीन वर्षांपर्यंत कैद आणि एक कोटी रुपयांपर्यंत दंडाची तरतूद त्यात आहे. बक्षिसाचे आमिष दाखवून आधी पैसे भरायला लावणारा खेळ पडद्यावर आला, तर तो तिथेच बंद करावा.

मुलांच्या बाबतीत वेळेची मर्यादा महत्त्वाची. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१९च्या सूचनांनुसार दोन ते चार वर्षांच्या मुलांचा पडद्यासमोरचा वेळ दिवसाला एका तासाहून अधिक नसावा, आणि त्याहून लहान मुलांना पडदा दाखवूच नये. याच संघटनेने खेळावरचा ताबा सुटून अभ्यास, झोप आणि नाती बिघडण्याच्या अवस्थेला आजारांच्या यादीत स्थान दिले. ती यादी जानेवारी २०२२पासून लागू आहे. टीव्ही लांब असल्याने डोळ्यांना जवळून बघण्याचा ताण कमी पडतो, पण तेवढ्याने जास्त वेळ खेळायची मोकळीक मिळत नाही. उलट मूल काय खेळते, किती वेळ खेळते आणि हरल्यावर कसे वागते, हे टीव्हीवर आईवडिलांच्या डोळ्यांसमोर राहते. पांघरुणाखालच्या मोबाइलवर ते कधीच कळत नाही.

तेव्हा जवळा बाजारच्या एखाद्या घराने सुरुवात करायची तर क्रम सोपा आहे. आधी मोबाइल आणि टीव्ही दोन्हींच्या सेटिंगमध्ये मिररिंगची सोय शोधावी आणि बिनखर्चात लुडो किंवा बुद्धिबळ लावून बघावे. ते रुचले आणि वेगवान खेळांची हौस असेल, तर मोबाइलच्या पोर्टची खात्री करून ॲडॉप्टर आणि एचडीएमआय तार घ्यावी. कंट्रोलरवर पैसे सर्वांत शेवटी खर्च करावेत, आणि तेही आवडता खेळ त्याला साथ देतो हे तपासूनच.