जनावराची म्होरकी

पोळ्याच्या आधीच्या बाजारात नव्या म्होरक्या, कासरे आणि गोंडे यांच्या राशी लागतात. कोठे म्होरकी म्हणतात, कोठे मोरखी. घेणारा रंग पाहतो, दोरीचा पीळ पाहतो. बैलाच्या तोंडाचे माप मात्र क्वचितच कोणी नेतो. वस्तुतः पाहावयाचे ते हेच.

वेसण नाकपुड्यांमधल्या पडद्यातून ओवतात. तिची सारी सत्ता वेदनेवर चालते. म्होरकीला भोक पाडावे लागत नाही. तिचा एक पट्टा शिंगांच्या व कानांच्या मागून जातो, दुसरा नाकाडावरून; दावे हनुवटीखाली येते. ओढ हाडावर पसरते, म्हणून ती सौम्य. पण सौम्य साधनही चुकीच्या जागी बसले की छळच करते.

नाकाडावरील पट्टा डोळा व नाकपुडी यांच्या साधारण मध्यावर असावा. तो खाली घसरला तर हाड संपून मऊ कूर्चा लागते आणि ओढ बसताच श्वास कोंडतो. घोड्याच्या बाबतीत हे अधिकच जपावे लागते, कारण घोड्याला तोंडाने श्वास घेताच येत नाही. पट्ट्याखाली दोन बोटे सहज शिरावीत. गाय दिवसाकाठी सहा ते आठ तास रवंथ करते. जबडाच आवळला तर ती करणार कशी?

दोरीचाही स्वभाव ओळखावा. अंबाडीची किंवा सुताची दोरी भिजली की फुगते आणि लांबीला आखडते. संध्याकाळी बेताची वाटलेली म्होरकी आषाढातल्या एका रात्रीच्या पावसाने सकाळी गालात रुतलेली दिसते. नायलॉनची दोरी तशी आखडत नाही, पण कातडी सोलते. तिला आतून जुन्या धोतराची पट्टी गुंडाळलेली बरी. वासराचे डोके वाढते, म्होरकी वाढत नाही. दर आठवड्याला ती सैल केली नाही तर दोरी मांसात शिरते, जखमेवर माशी बसते, अळ्या पडतात आणि मग पशुवैद्याला बोलवावे लागते.

शिकविताना नुसते ओढत राहण्यात अर्थ नाही. वासराने एक पाऊल पुढे टाकले की त्याच क्षणी दोरी ढिली करावी. ते शिकते ते या ढिलाईतून.

खुंट्याला दावे बांधावे ते सुरगाठीने. गोठ्याला आग लागली, तर निरगाठ सोडवावयास वेळ नसतो. नाकाडावर किंवा गळ्याभोवती सरकता फास तर कधीच नको. दावे आखूडही नसावे. अवास्तव आखूड वा जड दोरीने जनावर अवाजवी काळ बांधून ठेवणे हा १९६० च्या प्राणिक्रूरता प्रतिबंधक कायद्याने गुन्हा आहे. चरावयास सोडताना दावे काढून घ्यावे, नाहीतर ते बाभळीच्या खोडाशी अडकते. घोडा मागच्या खुराने कान खाजवतो आणि तो खूर म्होरकीत अडकू शकतो. त्याला मोकळा सोडताना म्होरकीच उतरवावी.